हंगाम संपल्यावरची आग

पुंडलिक, तुझं डोकं फोडणारा माणूस परवा तुझ्या मौतीला आला होता.

हिरामण पैलवान. गर्दीच्या कडेला, बाभळीखाली उभा होता. आता उतरलाय तो; मांड्या गेल्या, मान तेवढी राहिली. आगीच्या बंबावरच्या आपल्या माणसांनी त्याला ओळखलं आणि रडणं थांबलं. गणपतनं तिरडीचा उरलेला बांबू उचलला. माझ्याही डोक्यात एकच गोष्ट होती, की याला इथंच आडवा करायचा, तुझ्या शेजारी, मग पुढचं पुढे. तेवढ्यात तुझी कौतिका मधे आली. म्हणाली, "भाऊजी, त्याले खांदा देऊ द्या. जड हायेत ते. तुमी सारे रडून रडून अर्धे झाले."

त्यानं खांदा दिला. नदीपर्यंत बदलला नाही.

मी त्याला हात लावला नाही. नाही लावला म्हणून हात अजून शिवशिवतायत, आणि तू ऐकायला नाहीस तर निदान कागदाला तरी सांगावं म्हणून बसलो आहे.

तुझी माझी ओळख तुझ्या थपडेनं झाली. कापसाचा पहिला हंगाम होता माझा. आपल्या गावाचं नाव मी इथं लिहीत नाही. अकोल्याहून अमरावतीकडे जाताना कापसातली सरकी काढणाऱ्या जिनांच्या चिमण्या दिसतात त्यातलंच एक, आणि त्याच्या नगरपालिकेत अजून तसलीच माणसं बसलेली आहेत. मी माळ्याचा पोरगा, वांगी-मिरच्यांच्या मळ्यातून उठून आलेला. आग म्हणजे ज्वाळा एवढंच मला माहीत. कापसाची आग गंजीच्या पोटातून सरपटते आणि माणूस वर उभा असतो, हे मला कुणी सांगितलं नव्हतं. मी सरकीच्या ढिगावर पाइप घेऊन चढलो आणि ढीग खाली बसला. छातीपर्यंत आत गेलो. धुरानं डोळे मिटले. मग केसांना हिसका बसला. तू मला केसांनी ओढून बाहेर काढलंस, अंगणात आपटलंस आणि सणसणीत दोन ठेवून दिल्यास.

"मरायचं असन तं घरी मर ना बे! इथीसा कायले आला?"

मी खोकत खोकत तुला शिवी दिली. तू हसलास. त्या दिवसापासून आपण एका बंबावर. मी गाडी चालवायचो, तू पाण्याच्या पाइपची तोटी धरायचास. तोटी धरणारा सगळ्यांत पुढे असतो, म्हणून तुझ्या भुवया कधीच पुऱ्या वाढल्या नाहीत.

आणि आपण दोघं हंगामी. दिवाळीनंतर कापूस यायला लागला, जिन सुरू झाले, की नगरपालिका आपल्याला नेमायची. उन्हाळा सरत आला, कापूस संपला, की जमादार रंगराव बंबखान्यात यायचा, अंगावरचे खाकी कपडे काढून घ्यायचा आणि म्हणायचा, "उद्यापासून येऊ नका." पावसाळाभर तू दुसऱ्यांच्या वावरात बैलांच्या डवऱ्यामागे, मी भावांच्या मळ्यात. पुन्हा दिवाळी झाली की पुन्हा नवी नेमणूक. जसं काही आपल्याला कुणी कधी पाहिलंच नव्हतं. कायम करा म्हटलं तर उत्तर ठरलेलं: तुमची नोकरी सलग नाही. एकदा तू ऑफिसच्या पायरीवर उभा राहून ओरडलास, "सलग कशी राहीन? दरसाल तुमीच तं तोडता!" आतून कुणी डोकं वर केलं नाही.

हे एवढ्यावर असतं तरी आपण काढलं असतं. पण नेमणुकीच्या आधी नगरपालिकेच्या अध्यक्षांच्या घरी हजेरी लावावी लागायची. त्यांचा गोठा काढायचा, कडबा रचायचा. जो जाईल त्याला बोलावणं यायचं, जो जाणार नाही तो घरी. मी जायचो. तूही जायचास. मग त्या साली तू नागपूरला गेलास, धम्मदीक्षा घेऊन आलास, आणि दिवाळीनंतर गोठ्याच्या दारात उभा राहून म्हणालास, "मी बंबवाला आहो. आगीचं काम सांगा. शेण मी उचलत नाही."

रंगरावनं सगळ्यांदेखत तुझ्या पाठीवर वेताची छडी ओढली. सदरा फाटला. दुसरी ओढायला हात उचलला तेव्हा तू छडी धरलीस, गुडघ्यावर ठेवून मोडलीस आणि दोन्ही तुकडे त्याच्या पायाशी टाकलेस. त्या साली तुझी नेमणूक झाली नाही. मग पहिला मोठा जिन पेटला आणि तोटी धरून आत जायला कुणी तयार होईना, तेव्हा हाच रंगराव तुझ्या दारात आला. तू गेलास. मी म्हटलं, त्यानं माफी मागितल्याशिवाय का गेलास? तू म्हणालास, "आग रंगरावची हाये काय?"

आपलं भांडण तिथून सुरू झालं आणि ते परवापर्यंत मिटलं नाही. तू मला विचारायचास, "शेण उचलतं, तुले काही वाटत नाही काय बे?" मी म्हणायचो, वाटतं, पण तू छडी मोडतोस आणि पुन्हा आगीत जातोस, म्हणजे त्यांना दोन्ही मिळतं, तुझी पाठ आणि तुझं काम. मी निदान काहीतरी पदरात पाडून घ्यायला बघतो. तू म्हणायचास, माळ्याचं डोकं, सारं तोलून पाहते. मी चिडायचो. मग आपण एकच बिडी दोघांत ओढायचो.

अकोल्याला गेलो होतो ते आठवतं? जुन्या शहरातल्या त्या वकिलांकडे, मोर्णेचा पूल ओलांडून. बोळ इतका अरुंद की समोरून हातगाडी आली तर आपण भिंतीला चिकटायचो. वकील म्हातारे होते, कानानं कमी. सगळं ऐकून म्हणाले, "कागदावर तुम्ही दरसाल नव्यानं जन्मता. कोर्टात मी लढेन, पण कोर्टाला वेळ लागतो. तुम्हाला भांडायचं असेल तर कापूस गावात असताना भांडा. पावसाळ्यात तुमचं कोण ऐकणार?"

परत येताना गाडीत, मूर्तिजापूर गेल्यावर म्हणालास, "कापूस असतानाच बसू."

आपण बसलो. ऐन हंगामात, जिनांच्या अंगणात बैलगाड्यांच्या रांगा लागलेल्या असताना, बंबखान्याच्या दारात आडवे पडलो. कायम केल्याशिवाय बंब बाहेर जाणार नाही. दोन दिवस कुणी फिरकलं नाही. तिसऱ्या दिवशी सकाळी हिरामण तालमीतली माणसं घेऊन आला. हातात लोखंडी कड्या ठोकलेल्या काठ्या. मागे रंगराव.

हिरामण म्हणाला, "उठा बे. अध्यक्षांचा हुकूम हाये. आजपासून बंब आमी चालवतो."

तू पडल्या पडल्या म्हणालास, "माह्या अंगावरून ने."

त्यानं नेलं नाही, काठी घातली. पहिला वार तुझ्या कपाळावर. कवटीचा तो आवाज मी अजून ऐकतो. नारळ फुटतो तसा नाही, ओलं लाकूड मोडतं तसा. मग सगळीकडून काठ्या. गणपतचे पुढचे दात माझ्यासमोर जमिनीवर पडले. माझ्या पोटात लाथा बसत होत्या आणि मी एकाच्या पिंढरीला दातांनी धरून होतो, तोंडात त्याचं रक्त आलं तरी सोडत नव्हतो. भिंतीवर, बंबाच्या चाकांवर, सगळीकडे रक्त. तू उठलास. डोळ्यांत रक्त उतरलेलं, तुला दिसत नव्हतं. चाचपत बंबाच्या कडेची कुऱ्हाड काढलीस. रंगराव तेव्हा आपल्यातल्या म्हाताऱ्या किसनाजीच्या पाठीवर बूट देऊन उभा होता. तू कुऱ्हाड उचललीस, आणि खाली आणता आणता हातात फिरवलीस. पातं वर झालं, बोथट बाजू त्याच्या खांद्यावर आली. हाड मोडलं. रंगराव बैलासारखा हंबरला.

तू कुऱ्हाड फिरवलीस हे मी माझ्या डोळ्यांनी पाहिलं. कोर्टात मी ते सांगितलं. कुणी लिहून घेतलं नाही.

पोलीस आले आणि त्यांनी आपल्यालाच नेलं. ठाण्यात तळव्यांवर मारलं. तुझ्या डोक्याला कौतिकानं पाठवलेलं लुगड्याचं फडकं बांधलेलं होतं, त्यातून रक्त झिरपत होतं, आणि तरी तू शिपायाला म्हणत होतास, "मार, मार. तुही नोकरी कायम हाये ना? मग मार."

दुसऱ्या दिवशी दुपारी भोंगा झाला. थांबला नाही. कोठडीच्या गजांतून पाहिलं तर स्टेशनाकडे काळा धूर. थोड्या वेळानं ठाणेदार धावत आला आणि त्याच्या मागे अध्यक्ष स्वतः. डोक्यावर टोपी नव्हती. पैलवानांनी बंब नेला होता, पण पाइप फाटला होता, पंप चालत नव्हता, आणि जिनात रेच्यावरच्या, सरकी काढायच्या यंत्रावरच्या, बाया अडकल्या होत्या.

ठाणेदारानं कुलूप काढलं. "चला, लवकर."

मी दारात आडवा उभा राहिलो. "आधी लिहून द्या. सारे कायम."

अध्यक्ष म्हणाले, "देतो रे बाबा, आधी चला."

"आत्ताच. इथंच."

पुंडलिक, अध्यक्षांचा हात खिशातल्या पेनाकडे गेला होता. मी पाहिला. टोपण काढलं होतं त्यांनी. दोन ओळी लिहायला जेवढा वेळ लागतो तेवढाच लागला असता. आणि तू मागून आलास, मला भिंतीवर ढकललंस. माझं डोकं दगडावर आपटलं.

"बाया जळून राहिल्या अन् तू कागद मागून राहिला?"

"पुंडलिक, आज नाही तं कधीच नाही!"

"नाही तं नाही!"

तू गेलास. तुझ्यामागे सगळे गेले. मीही गेलो, गाडी मलाच चालवायची होती. पेन परत खिशात गेलं.

मी तेव्हा चुकलो नव्हतो. हे मी तुला रागानं म्हटलं, हसत म्हटलं, परवा दवाखान्यातही म्हणणार होतो. तू चुकला होतास असंही मी म्हणू शकत नाही, आणि हाच तुझ्यावरचा माझा सगळ्यांत मोठा राग आहे.

जिनाच्या रेचेघराला बाहेरून कुलूप होतं. कापूस चोरतात म्हणून शेठ बायांना कोंडून काम करून घ्यायचा. आतून दार बडवल्याचा आवाज येत होता, आणि आपण पोचलो तोवर तो कमी होत चालला होता. तू कुऱ्हाडीनं दार फोडलंस. फळी उडाली आणि आतून ज्वाळा बाहेर आली, तिच्याबरोबर बाया. एकीचे केस पेटले होते, ती धावत सुटली, गणपतनं तिला पाडून तिच्यावर अंग टाकलं. तू आत शिरलास. एकेकीला फेकत होतास, पोती फेकावीत तसं, नंतर कुणाचे हात मोडले, कुणाच्या बरगड्या, पण त्या जगल्या. शेवटी म्हातारी सुभद्रा राहिली. तू तिला दंडाला धरून उचललंस आणि तिच्या दंडाची कातडी तुझ्या हातात आली. तू बाहेर आलास, कातडी हातात तशीच. भिंतीला धरून ओकलास. तोंड पुसलंस आणि परत आत गेलास. सुभद्राला आणलंस. ती संध्याकाळी गेली, आणि तिच्याबरोबर आणखी एक, लग्न ठरलेली पोरगी.

आणि आग विझल्यावर पोलिसांनी आपल्याला परत कोठडीत नेलं. तुझ्या मनगटांवर फोड आले होते. फोडांवर बेडी घातली. फोड फुटले.

ते त्या बायांनी पाहिलं होतं. मी तुला पुष्कळदा म्हटलं आहे की तू गमावलेला कागद त्यांनी मिळवून दिला, तेव्हा तू म्हणायचास, मग मी ठीकच केलं ना? चार दिवसांनी नगरपालिकेची सभा होती. जळलेल्या हातापायांना फडकी बांधून त्या सगळ्या जणी आल्या आणि सभागृहाच्या दारात बसल्या. आत गेलेल्या एकाही मेंबरला बाहेर पडू दिलं नाही. एकानं मागच्या खिडकीतून उडी मारली तर त्याला धोंडे मारून परत खिडकीत चढवला. सगळ्या काचा फुटल्या. सुभद्राच्या लेकीनं रेचेघराचं ते काळं पडलेलं कुलूप आत नेऊन अध्यक्षांच्या समोर टेबलावर आपटलं. म्हणाली, "ज्यानं हे तोडलं तो कोंडलेला हाये, अन् ज्यानं हे लावलं तो तुमच्या बाजूले बसला हाये. काहून?"

सभेनं ठराव केला. सगळे बंबवाले कायम. फक्त एक सोडून. ज्याच्यावर मारहाणीचा खटला चालू आहे अशा माणसाला कायम करता येत नाही.

आम्हाला सोडलं, तुला सजा झाली. मी अकोल्याच्या जेलात भेटायला आलो. दोघांच्या मधे गज, बाजूला शिपाई. मी म्हटलं, आम्ही सगळ्यांनी ठरवलं आहे, तू नाहीस तर आम्हालाही नको. कायम केल्याच्या कागदावर कुणी सही करणार नाही.

तुझा हात गजातून कधी आला ते कळलं नाही. माझी कॉलर धरून तू मला गजांवर ओढलंस, नाक लोखंडावर आदळलं, रक्त आलं.

"सही कर."

"नाही करत."

"किसन, सही कर. नाही तं बाहेर आल्यावर तुह्या तोंडात मारीन. गणपतचे दात गेले, किसनाजीची पाठ गेली. थे कायच्यासाठी? मी एकटा राहिलो म्हनून तुमी साऱ्यांनी लाथ मारायची?"

शिपायानं तुझ्या हातावर दंडुका मारला. तू सोडलं नाहीस. मी 'करतो' म्हटल्यावर सोडलंस.

मी सही केली, पुंडलिक. आणि त्या सहीनं माझं काय केलं, हे तुला कधी सांगितलं नाही. तू सुटून आल्यावरच्या पहिल्या पावसाळ्यात मी बंबखान्यात बसलो होतो, कोरड्या जागी, कामावर. बाहेर पाऊस धरलेला. तू समोरच्या रस्त्यानं चालला होतास, डोक्यावर पोतं, खांद्यावर विळा. दारात थांबून ओरडलास, "काय कायमराव! गंज तं नाही चढला?" आणि हसत निघून गेलास. सगळे हसले. मीही हसलो. आणि मला तुझा असा राग आला की मी आत जाऊन भिंतीवर बुक्की मारली. तू मला ही नोकरी दिली होतीस आणि मला ती परत करता येत नव्हती. माणसाचं एवढं देणं डोक्यावर असलं की त्याच्यावर माया करणं फार कठीण जातं. तरी मी करत राहिलो. तू कसं सोसलंस कुणास ठाऊक. दर दिवाळीनंतर तू यायचास, मी आता जमादार झालो होतो, तुझी हंगामी नेमणूक माझ्या हातून व्हायची, आणि उन्हाळ्यात तुझ्या अंगावरचे खाकी कपडे मलाच काढून घ्यावे लागायचे. तू ते घडी करून द्यायचास. म्हणायचास, "सांभाळून ठेवजो. दिवाळीले येतो."

तुला कायम करा म्हणून मी दरसाल अर्ज दिला. दरसाल उत्तर, सजा झालेली आहे. रंगरावसुद्धा मेला, पण त्याचं मोडलेलं हाड तुझ्या आड येत राहिलं.

या सालीही तू कपडे घडी करून दिलेस. आणि दुसऱ्याच दिवशी, भर दुपारी, कापूस दाबायच्या प्रेसच्या अंगणात रेल्वेवर चढवायला रचलेल्या कापसाच्या गाठी पेटल्या.

मी गाडी काढली. वाटेत पाटलाच्या वावराशी थांबवली. तू वखरामागे होतास. मी गाडीतूनच ओरडलो, "पुंडलिक, चल!" तू एकदा बैलांकडे पाहिलंस, एकदा धुराकडे. धोतराचा काचा मारलास आणि मागच्या पायरीवर चढलास. अंगात बंडी, पायात काही नाही. 'आता मी तुमचा कोण लागतो' असं विचारलं नाहीस.

तू तोटी धरलीस. मी पंपावर होतो. मला दिसलं की गाठींची थप्पी मागे कलतेय आणि तिच्यामागची भिंत फुगतेय. मी ओरडलो. पंपाच्या आवाजात माझा आवाज मलाच ऐकू आला नाही. भिंत आली. विटा, गाठी, निखारे, सगळं तुझ्यावर. आम्ही हातांनी उपसलं. गणपतची नखं गेली. तू सापडलास तेव्हा कमरेच्या खाली तू तू राहिला नव्हतास, आणि तोटी अजून दोन्ही हातांत होती. बोटं एकेक करून सोडवावी लागली.

ट्रकमधून अमरावतीला नेलं. वाटेत रेल्वेच्या फाटकाशी गाडी अडली, मालगाडी जात होती, आणि तू शुद्धीवर आलास. मी तुझ्या तोंडावर वाकलो. मला वाटलं, आता हा काहीतरी बोलेल. तू म्हणालास, "बैलं उन्हात हायेत. वखर जुपलेला हाये. सोडजो."

मी म्हटलं, "सोडतो."

एवढंच. दुसऱ्या दिवशी तू गेलास. मला जे म्हणायचं होतं ते त्या फाटकाशी राहिलं.

तुला नदीवर पोचवून आलो त्याच दिवशी दुपारी आम्ही सगळे नगरपालिकेत गेलो. चीफसाहेब नवे आहेत, हळू बोलतात. म्हणाले, "वाईट झालं. पण त्याची नेमणूक आदल्या दिवशी संपली होती. अंगावर गणवेशही नव्हता. आमच्या दृष्टीनं तो आग बघायला जमलेल्यांपैकी एक." टेबलावर तसा रिपोर्ट लिहून तयार होता. एक इसम, बघ्या, भिंतीखाली सापडून मयत.

बघ्या! मी टेबलावर मूठ मारली. काच फुटली, हात फाटला, त्यांच्या कागदांवर रक्त सांडलं. मी त्यांची कॉलर धरली तेव्हा गणपतनं मला मागून मिठी घातली. चीफसाहेबांनी कॉलर नीट केली आणि तितक्याच हळू विचारलं, "मग त्याला तिथं कुणी बोलावलं होतं?"

गणपतनं माझ्याभोवतीची मिठी सोडली नाही.

"हुकूम नसताना कुणी माणूस कामावर लावला असेल, तर त्यानं तसं लिहून द्यावं. मग मयत कामावर होता असं मला धरावं लागेल. पण लावणाऱ्याची नोकरी जाईल. कायम असला तरी."

गणपत माझ्या कानात म्हणाला, "किसनभाऊ, नोको. पुंडलिकनं तुमाले तेवढ्यासाठी..."

मी कागद मागितला. लिहिलं, की जमादार या नात्यानं मी त्याला वावरातून बोलावलं, मी त्याला तोटी दिली, तो माझ्या हुकमावरून आगीसमोर उभा होता. खाली सही केली. रक्तामुळे सही जरा पसरली, पण वाचता येते.

संध्याकाळी कौतिकाला सांगितलं. तिनं माझ्या छातीवर बुक्क्या मारल्या, जोरात. "वेडे झाले काय, भाऊजी? ते गेले ते गेले, आता तुमीही घरी बसा! काय केलं हे? कोनं सांगितलं तुमाले?" मी उभा राहिलो, ती मारत राहिली. मग ती खाली बसली आणि मौत झाल्यापासून पहिल्यांदा मोठ्यानं रडली.

आज सकाळी तिला ऑफिसात बोलावणं आलं. मलाही आलं, माझा कागद वेगळा होता, तो मी न वाचताच खिशात घातला. कौतिका एकटी आली नाही. रेच्यावरच्या बाया तिच्यासोबत होत्या, त्यातल्या काही आता म्हाताऱ्या झाल्यात, गळ्यावर, हातांवर भाजल्याचे पांढरे डाग. त्या व्हरांड्यात थांबल्या. दाटीवाटीनं.

चीफसाहेबांनी कागद तिच्यासमोर सरकवला. "इथं अंगठा करा."

"काय लिहिलं हाये?"

त्यांनी खालमानेनं, तोंडातल्या तोंडात वाचलं.

कौतिका म्हणाली, "बसून नोको. उभं राहून वाचा. अन् मोठ्यानं वाचा. बाहेर बाया हायेत."

चीफसाहेबांनी माझ्याकडे पाहिलं. मी भिंतीकडे पाहिलं. ते उठले. कागद हातात घेतला आणि वाचला, "पुंडलिक सखाराम तायडे, बंबवाला, नगरपालिकेच्या कामावर असताना मयत."

"आणखीन एकदा."

त्यांनी पुन्हा वाचलं. या वेळी आवाज मोठा निघाला, दारातून बाहेर गेला. मग व्हरांड्यातून सुभद्राच्या लेकीचा आवाज आला.

"ऐकू आलं वो, कौतिका. साऱ्याईले ऐकू आलं."